मोर्चात पुढे, मागण्यांत मागे

महाराष्ट्र पोलिसांच्या २०२२च्या भरतीत ऑनलाइन अर्जावर लिंगाचे दोनच पर्याय होते, पुरुष किंवा स्त्री. दोन तृतीयपंथी उमेदवारांनी प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे दाद मागितली. न्यायाधिकरणाने तिसरा पर्याय द्या म्हणून सांगितले, तर सरकारच त्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात गेले. अडचण काय, तर शारीरिक चाचणीचे निकष तयार नाहीत. पुरुष उमेदवार १६०० मीटर धावतो, स्त्री उमेदवार ८०० मीटर. तृतीयपंथी उमेदवारांनी किती धावायचे, हे कोणी ठरवलेलेच नव्हते. तृतीयपंथीयांना स्वतःची लिंगओळख स्वतः ठरवण्याचा हक्क देणारा सर्वोच्च न्यायालयाचा ‘नाल्सा’ निकाल १५ एप्रिल २०१४चा. त्याला आठ वर्षे उलटून गेली होती. डिसेंबरात उच्च न्यायालयाने सरकारला खडसावले, या दोघांसाठी जागा राखून ठेवायला लावल्या, तेव्हा कुठे अर्जात तिसरा पर्याय आला.

त्याच्या जेमतेम काही आठवडे आधी, नोव्हेंबर २०२२मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी विवाहाच्या याचिकांवर केंद्राला नोटीस काढली होती. पुढचे वर्षभर वाहिन्यांवर आणि वर्तमानपत्रांत चर्चा होती ती या विवाहाचीच. ही मागणी रास्त आहे, त्यात शंका नाही. पण लग्नाच्या हक्कासाठी देशातले नामवंत वकील उभे राहतात आणि पोलीस शिपायाच्या नोकरीसाठी दोन उमेदवारांना एकेक पायरी चढावी लागते, यातून एलजीबीटीक्यू चळवळीत कोणाच्या गरजा आधी मोजल्या जातात हे दिसते.

समलिंगी संबंधांना गुन्हा मानणाऱ्या दंड संहितेच्या कलम ३७७चा इतिहास पाहिला की हे अधिकच टोचते. या कलमाचा मार सगळ्यांना सारखा बसला नाही. ज्याच्याकडे स्वतःची खोली होती, त्याला दार लावून घेता येत होते. हिजड्यांचे आयुष्य रस्त्यावर, सिग्नलवर, रेल्वेच्या डब्यात. तिथे पोलिसांना पुरावा लागत नव्हता, साडी पुरेशी होती. १८७१च्या गुन्हेगार जमाती कायद्यात हिजड्यांची नोंदवही ठेवण्यासाठी वेगळा भागच होता. १८८४मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयासमोर आलेल्या खैराती खटल्यात आरोपीला बायकी कपड्यांत गाताना पाहून पकडले, वैद्यकीय तपासणी केली आणि ३७७ लावले. गुन्हा कधी, कुठे, कोणाबरोबर घडला, याचा पत्ता नव्हता. न्यायालयाने अखेर सोडून दिले. बंगळुरूत २००४ साली गुंडांच्या बलात्काराला बळी पडलेल्या एका हिजड्याला पोलिसांनी मदत करायची सोडून ठाण्यात नेऊन छळले. दिल्ली उच्च न्यायालयाने २००९मध्ये ३७७ची धार बोथट केली तेव्हा ही घटना निकालपत्रात नोंदवली.

डिसेंबर २०१३मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. चारच महिन्यांनी नाल्सा आला. त्या खटल्यात ठाण्याच्या लक्ष्मीनारायण त्रिपाठी यांनीही बाजू मांडली होती. ६ सप्टेंबर २०१८ रोजी पाच न्यायमूर्तींनी संमतीच्या संबंधांना गुन्ह्याच्या कचाट्यातून सोडवले, त्या निकालाला नाल्साचा भक्कम आधार होता. याचिकाकर्त्यांत नर्तक, शेफ, हॉटेल-व्यावसायिक यांच्याबरोबर कर्नाटकातल्या अक्कै पद्मशाली होत्या. दुसऱ्या दिवशीच्या छायाचित्रांत आणि मुलाखतींत मात्र इंग्रजी बोलणारे, सुस्थितीतले चेहरेच जास्त दिसले. ‘आम्ही त्या हिजड्यांसारखे नाही’ हे वाक्य अनेक सुशिक्षित समलिंगी पुरुष घरच्यांना धीर देण्यासाठी वापरतात. आईबापांची भीती समजण्यासारखी आहे. पण या वाक्याची किंमत दुसरेच कोणीतरी मोजते.

२०१९चा तृतीयपंथी व्यक्ती संरक्षण कायदा झाला तेव्हा विरोध झाला, नाही असे नाही. आधीच्या मसुद्यात भीक मागण्याशी जोडलेले कलम होते, ते विरोधामुळेच गळाले. तरी मंजूर कायद्यात लैंगिक अत्याचारासाठी शिक्षा ठेवली ती सहा महिने ते दोन वर्षे. स्त्रीवरच्या बलात्काराला तेव्हा किमान दहा वर्षांची शिक्षा होती. एवढी उघड विषमता विवाहाच्या प्रश्नाइतकी गाजायला हवी होती.

महाराष्ट्रात आणखी एक भेग आहे. डोक्यावर यल्लम्माचा जग, म्हणजे देवीची टोपली, घेऊन कोल्हापूर-सांगलीच्या गावांतून जोगवा मागणारा, देवीला वाहिलेला बाईच्या वेषातला जोगता या चळवळीत कुठे बसतो? सप्तरंगी पताकांच्या शहरी भाषेत त्याला जागा नाही, आणि त्याच्या गावाला ती भाषा ठाऊक नाही. जन्मतः स्त्री म्हणून नोंदवले गेलेले पारलिंगी पुरुष तर हिजड्यांच्या डेऱ्यातल्या गुरू-चेला परंपरेतही मावत नाहीत. पुण्यात बिंदुमाधव खिरे यांच्या समपथिक ट्रस्टने समलिंगी आणि तृतीयपंथी दोघांसाठी मराठीतून काम करून दाखवले आहे. तसे काम जिल्ह्याजिल्ह्यांत उभे राहायला हवे.

शहरी संघटनांकडे पैसा आहे, वकील आहेत, मंत्रालयात ओळखी आहेत. त्यांनी पहिली मागणी समांतर आरक्षणाची करावी. नाल्सा निकालाने तृतीयपंथीयांना सामाजिक व शैक्षणिकदृष्ट्या मागास मानून आरक्षण द्यायला सांगितले. पण त्यांना एकाच मागास प्रवर्गात कोंबले, तर दलित तृतीयपंथी उमेदवाराला जात आणि लिंगओळख यांतले एक सोडावे लागते. समांतर आरक्षणात प्रत्येक सामाजिक प्रवर्गाच्या आत, खुल्या प्रवर्गासह, तृतीयपंथीयांसाठी जागा राखल्या जातात. कर्नाटकाने २०२१मध्ये सरकारी नोकऱ्यांत असे एक टक्का आरक्षण लागू केले. मुंबई-पुण्याच्या पुढच्या मोर्चातून सरकारकडे जे निवेदन जाईल, त्यात ही मागणी लग्नाच्या मागणीच्या वर लिहिलेली असावी.