अंगणातला अर्धा तास

जानेवारी २०२५ मध्ये नवी दिल्ली येथे खो-खोची पहिली विश्वचषक स्पर्धा झाली आणि भारताच्या पुरुष व महिला या दोन्ही संघांनी अंतिम सामन्यात नेपाळला नमवून अजिंक्यपद मिळविले. त्या विजयी महिला संघात धाराशिवची अश्विनी शिंदे होती. त्यापूर्वी २०१६ साली गुवाहाटीच्या दक्षिण आशियाई क्रीडा स्पर्धेत सुवर्णपदक पटकावणाऱ्या भारतीय महिला खो-खो संघाचे नेतृत्व सारिका काळे हिने केले होते. तीही याच जिल्ह्याची कन्या असून २०२० साली अर्जुन पुरस्काराने तिचा गौरव झाला. पावसाने पाठ फिरवली की टँकरची वाट पाहणाऱ्या, मोठ्या उद्योगांची छाया न लाभलेल्या जिल्ह्याने देशाला असे खेळाडू द्यावेत, ही अभिमानाची गोष्ट आहे. या यशामागे महागडी साधने नाहीत. दोन खांब, फक्कीने आखलेल्या रेषा आणि रोज न चुकता मैदानावर येणारी मुले एवढ्या भांडवलावर हा खेळ येथे रुजला.

हा अभिमान बाळगतानाच त्याच मैदानाच्या कडेला काय दिसते, तेही पाहिले पाहिजे. जिल्ह्यातील कोणत्याही मैदानावर सायंकाळी गेलात तर मुले धावताना दिसतात आणि त्यांचे आईवडील दुचाकीवर किंवा कठड्यावर बसून मोबाईल न्याहाळताना दिसतात. आपल्या मुलाने खेळावे ही जाणीव मध्यमवर्गीय घरांत पूर्वीपेक्षा वाढली आहे आणि ती स्वागतार्ह आहे. परंतु त्याच घरांतून आईवडिलांचे स्वतःचे खेळणे मात्र हद्दपार झाले आहे. खेळ मुलांचा आणि त्यांना मैदानावर पोहोचविण्याचे काम आपले, अशी वाटणी आपण करून टाकली आहे. या वाटणीत मुलांचे नुकसान आहेच. पण त्याहून मोठे नुकसान पालकांच्या शरीराचे होत आहे.

हे नुकसान आकड्यांत मोजता येते. ‘लॅन्सेट ग्लोबल हेल्थ’ या नियतकालिकात २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार २०२२ मध्ये भारतातील जवळजवळ निम्मे प्रौढ आवश्यक तेवढी शारीरिक हालचाल करीत नव्हते. पुरुषांत हे प्रमाण सुमारे ४२ टक्के, तर स्त्रियांत सुमारे ५७ टक्के होते. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या साहाय्याने झालेल्या देशव्यापी पाहणीचे निष्कर्ष २०२३ साली बाहेर आले. त्यानुसार देशात मधुमेहाचे रुग्ण १० कोटींवर असून आणखी १३ कोटींहून अधिक लोक त्याच्या उंबरठ्यावर आहेत. मधुमेह आणि रक्तदाब हे मुंबई-पुण्याच्या श्रीमंतांचे आजार राहिलेले नाहीत. तालुक्याच्या गावातील शिक्षक, बँकेतील कर्मचारी, दुकानदार आणि शेतीची कामे यंत्रावर सोपवून गावात राहावयास आलेला बागायतदार, या सर्वांच्या घरांत आज गोळ्यांची पाकिटे आहेत.

जागतिक आरोग्य संघटनेने २०२० साली दिलेल्या मार्गदर्शनानुसार प्रौढांनी आठवड्यातून किमान १५० मिनिटे मध्यम स्वरूपाची हालचाल करावी, तर ५ ते १७ वर्षे वयाच्या मुलांनी रोज सरासरी ६० मिनिटे. ‘मध्यम’ म्हणजे काय, याची खूण सोपी आहे. बोलता येते, पण गाणे म्हणता येत नाही, इतपत दम लागला पाहिजे. १५० मिनिटे म्हणजे आठवड्याचे पाच दिवस रोज अर्धा तास. मागणी एवढीच आहे. तरीही ती पुरी होत नाही आणि विचारले तर उत्तर एकच मिळते, ‘वेळ मिळत नाही.’

हे उत्तर खोटे नाही. पतिपत्नी दोघेही नोकरी करणारी, शाळा एका गावात आणि बिऱ्हाड दुसऱ्या गावात, जाण्यायेण्यात दोन-तीन तास खर्ची पडलेले, घरी आल्यावर स्वयंपाक, मुलांचा अभ्यास, वृद्धांचे औषधपाणी. अशा दिनक्रमात व्यायामशाळेसाठी वेगळा तास काढा, हा उपदेश ऐकायला बरा आणि आचरणात निष्फळ ठरतो. दिवस अपुरा पडला की पहिला बळी व्यायामाचाच जातो. चूक आहे ती हिशेबात. आपण पालकांच्या व्यायामाचा एक वेळ, मुलांच्या खेळाचा दुसरा आणि कुटुंबाच्या सहवासाचा तिसरा, असे तीन वेगळे वेळ धरतो आणि तिन्ही हातचे घालवतो. हे तिन्ही एकाच अर्ध्या तासात साधतात, जर आईवडील कठड्यावरून उठून मुलांसोबत खेळू लागले तर.

यात नवीन काहीही नाही. आपल्या समाजजीवनात खेळ हा सर्व वयांचा होता. धाराशिव, लातूर, सोलापूर या पट्ट्यात मार्गशीर्ष अमावास्येला येणारी वेळ अमावास्या, म्हणजे आपली येळवस, आठवून पाहावी. त्या दिवशी सारे गाव शेताकडे लोटते. कडब्याच्या कोपीत पांडवांची पूजा होते. आंबील, भज्जी, बाजरीचे उंडे यांचे वनभोजन होते. मग झाडांना झोके बांधले जातात आणि लहानथोर सारेच शिवारभर हिंडतात. नागपंचमीला झोके, फेर आणि फुगड्या असतात. कोजागरीला सोलापूरकडून तुळजापूरला सुमारे ४५ किलोमीटर पायी चालत येणाऱ्या भाविकांत आजीही असते, सूनही असते आणि नातवंडेही असतात. यांपैकी कशातही प्रेक्षक नसतो.

फुगडीचेच उदाहरण घ्या. दोघींनी हातांची तिढी घालून, पाय जुळवून, अंग मागे झोकून गरागरा फिरायचे. यात पाय, पाठ, पोट आणि तोल यांची एकाच वेळी परीक्षा होते आणि दोन मिनिटांत चांगल्या सुदृढ स्त्रीलाही धाप लागते. हा व्यायाम आहे असे तिला कोणी सांगितले नव्हते. तो आनंद होता, म्हणून पिढ्यान्‌पिढ्या टिकला. मात्र सण वर्षातून एकदाच येतो आणि शरीराला रोजची गरज असते. सणाचा तो सूर रोजच्या सायंकाळी कसा आणायचा, हाच आजचा प्रश्न आहे.

या प्रश्नाचे उत्तर आमच्या वाचकांपैकी अनेकांना तोंडपाठ आहे. १९२५ साली नागपुरात डॉ. हेडगेवार यांनी सुरू केलेल्या कार्याची घडण संघस्थानावर झाली आणि संघस्थानावर पहिले स्थान खेळाला मिळाले. शिवाशिवी, विषामृत, लंगडी, खो-खो, कबड्डी अशा खेळांना साहित्य लागत नाही, पैसा लागत नाही आणि चार जण असोत वा चाळीस, खेळ थांबत नाही. बालांपासून प्रौढांपर्यंत सर्वांना एका रिंगणात आणण्याची ही विद्या कार्यकर्त्यांनी अंगी बाणवली आहे. मग ती घरी का पोहोचत नाही? संघाच्या शताब्दीनिमित्त मांडलेल्या पंच परिवर्तनात कुटुंब प्रबोधन हा एक विषय आहे. आठवड्यातून एकदा घरातील सर्वांनी एकत्र बसावे, भजन, भोजन व गप्पागोष्टी व्हाव्यात, हा आग्रह योग्यच आहे. त्याला एक पुस्ती जोडावी असे आम्हाला वाटते. एकत्र बसण्याइतकेच एकत्र पळणेही आवश्यक आहे.

येथे थोडे स्पष्ट बोलणे भाग आहे. दिवसभर नोकरी आणि सायंकाळी बैठका, संपर्क, कार्यक्रम यांत बुडालेल्या कार्यकर्त्याच्या घरी त्याची मुले मोबाईलसमोर वाढत असतील, तर कुटुंबाविषयीच्या आपल्या प्रतिपादनात बळ कोठून येणार? समाजातील दहा मुलांना खेळ शिकविणाऱ्याने स्वतःच्या दोन मुलांना त्यांतून वगळू नये. आठवड्यातील दोन सायंकाळी बैठक अर्धा तास उशिरा सुरू झाल्याने कोणतेही कार्य अडणार नाही. उलट, कार्यकर्त्याचे घर हे शेजाऱ्यांनी पाहावे असे उदाहरण होईल.

दुसरा प्रश्न मातेचा. वर दिलेले ५७ टक्के विसरून चालणार नाही. ‘तिला घरकामाचा व्यायाम होतोच’ असे म्हणून पुरुष मोकळे होतात. घरकामाने अंग शिणते, पण मन मोकळे होत नाही, हे कोणतीही गृहिणी सांगेल. तिला खेळायला बोलवायचे आणि अर्ध्या तासाचा उशीर तिनेच रात्री ओट्याशी उभे राहून भरून काढायचा, असे झाले तर ती दुसऱ्या दिवशी बाहेर येणार नाही. म्हणून भाजी निवडणे, ताटे घेणे, भांडी आवरणे ही कामे पिता आणि मुलांनी वाटून घेणे हा या खेळाचाच एक नियम मानला पाहिजे. वंदनीय लक्ष्मीबाई केळकर यांनी १९३६ साली वर्धा येथे राष्ट्र सेविका समितीची स्थापना केली, तेव्हा स्त्रियांच्या शारीरिक शिक्षणाला त्यांनी कार्यपद्धतीत अग्रस्थान दिले. आपल्या घरातील स्त्रीला आज आपण निदान अंगण तरी मोकळे करून देतो का?

व्यवहाराच्या चार गोष्टी. चौघांचे घर असेल तर शिवाशिवी, लंगडी आणि दोरीवरच्या उड्या पुरेत. शेजारचे एक घर जोडले की लगोरी आणि खो-खोही जमतो. एप्रिल-मे महिन्यांत आपल्याकडचे ऊन चाळिशी ओलांडते; तेव्हा खेळ सूर्य वर येण्यापूर्वी किंवा दिवेलागणीनंतर व्हावा. पावसाळ्यात घरातच सर्वांनी मिळून सूर्यनमस्कार घालावेत. चाळिशी ओलांडलेल्यांनी, विशेषतः मधुमेह वा रक्तदाब असणाऱ्यांनी, वैद्यांचा सल्ला घेऊन आणि अंग मोकळे करून हळूहळू सुरुवात करावी; काँक्रीटवर लंगडी घालून गुडघा दुखावून घेण्यात पुरुषार्थ नाही. आणि मुलांनी बाद केले की निमूट बाद व्हावे. हरणे कसे पचवावे हे मूल व्याख्यानातून शिकत नाही, हरलेल्या बापाकडे पाहून शिकते.

महानगरांत मुलांना खेळायला इंचभर जागा उरलेली नाही. आपल्या जिल्ह्यात अजून मोकळी पटांगणे आहेत, मंदिरांसमोरची आवारे आहेत, घराशेजारचे रिकामे भूखंड आहेत. येडशीचे रामलिंग, नळदुर्ग आणि परंडा येथील किल्ले रविवारी सहकुटुंब पायी हिंडण्यास आपल्याला बोलावीत आहेत. जागेची सबब आपल्याला सांगता येणार नाही.

एका गोष्टीचा विचार मात्र आजच करावा. आपल्याकडील कितीतरी मुले दहावी होताच शिक्षणासाठी लातूर, पुणे, छत्रपती संभाजीनगर येथे जातात आणि मग सुटीपुरती घरी येतात. मूल पाच वर्षांचे झाल्यापासून ते घर सोडेपर्यंत पालकांच्या हाती जेमतेम दहा वर्षे असतात. त्या वर्षांत अंगणातून येणारी ‘बाबा, चला ना’, ‘आई, चल ना खेळायला’ ही हाक नंतर कोणीही देणार नाही. आज सायंकाळी ती आली, तर हातातला मोबाईल ठेवावा आणि चपला काढून अंगणात उतरावे.