नियम आणि करुणा

त्रिरश्मी लेण्यांच्या पायथ्याशी दादासाहेब फाळके स्मारक आणि बुद्धविहार एकाच परिसरात आहेत. चित्रपट आणि धम्म यांचा असाच मेळ १९५७ मध्ये मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनने घातला. डिस्ने स्टुडिओत काम केलेले चित्रकार क्लेअर वीक्स यांच्या मार्गदर्शनाखाली तयार झालेला 'द बॅनियन डिअर' हा आपल्या देशातील आरंभीचा अ‍ॅनिमेशनपट निग्रोधमृग जातकावर आधारलेला आहे.

जातकात वाराणसीच्या राजासाठी दोन कळपांतून आळीपाळीने रोज एक हरीण वधस्थानी जाते. एके दिवशी एका गर्भवती हरिणीचा क्रम येतो. ती सुटका मागत नाही. पाडस जन्मेपर्यंत मुदत मागते. तिच्या कळपाचा प्रमुख साख नियमावर बोट ठेवून नकार देतो. दुसऱ्या कळपाचा प्रमुख निग्रोध, म्हणजेच बोधिसत्त्व, तिच्या जागी स्वतःची मान ठेवतो. राजाचे मन द्रवते आणि तो सर्व प्राण्यांना अभय देतो.

साखाने नियम मोडला नव्हता, हेच आम्हां माजी विद्यार्थ्यांना विचारात पाडते. आंघोळीच्या नळापासून भोजनाच्या पंगतीपर्यंत वसतिगृह नियमांवरच चालते, आणि चालावे. परंतु नुकतेच घर सोडून आलेले आजारी लेकरू रांगेत मागे पडते, तेव्हा नियम सर्वांना सारखा आहे, एवढे म्हणणे पुरत नाही. कोणीतरी आपली जागा द्यावी लागते, आणि ती थोरांनी आधी द्यावी. म्हणून हा लघुपट वसतिगृहात दरवर्षी दाखवावा, आणि प्रथम वरच्या वर्गांना दाखवावा, अशी आमची विनंती आहे.