हसविणाऱ्याचे ऋण

एकोणिसाव्या शतकातील अमेरिकेत नाटक पाहणारे पुष्कळ होते, परंतु नटाला आपल्या घरी मानाने बोलावणारे थोडे होते. त्यातही विनोदी नटाची स्थिती विशेष चमत्कारिक असे. शोकपर्यवसायी नाटकातील राजाला रंगभूमीवरील राजेपणाचा थोडासा मान तरी बाहेर मिळे; हसविणारा मात्र पडदा पडला की कोणाचाच नसे. ही विसंगती जोसेफ जेफर्सन या नटाच्या चरित्रात फार स्पष्ट दिसते. म्हणून या महिन्यात त्याचीच हकीकत वाचकांपुढे ठेवण्याचे आम्ही योजिले आहे.

जेफर्सनचा जन्म २० फेब्रुवारी १८२९ रोजी फिलाडेल्फिया येथे झाला. आजा नामांकित विनोदी नट, बाप नट व देखावे रंगविणारा, आई गाणारी नटी; तेव्हा मुलाच्या धंद्याचा प्रश्न जन्माबरोबरच सुटला. वयाच्या चौथ्या वर्षी वॉशिंग्टन येथे तो रंगभूमीवर आला, तो पोत्यातून. टी. डी. राइस नावाचा गोरा नट तोंडाला काळे फासून गुलाम निग्रोंच्या चालण्याबोलण्याची नक्कल करी व ‘जिम क्रो’ या नावाने गाई. त्याने या पोराला आपल्यासारखेच रंगवून पोत्यातून आणले व लोकांपुढे ओतले. प्रेक्षक पोटभर हसले. त्या काळचे सारेच हसे निष्पाप नव्हते, हे येथे सांगितलेच पाहिजे; पुढे निग्रोंना वेगळे पाडणाऱ्या कायद्यांना ‘जिम क्रो’ हेच नाव पडले.

१८३८ त हे नटकुटुंब पश्चिमेकडे शिकागो येथे गेले. तेथून पुढे गावोगाव भटकंती. रेल्वे नाही, नाटकगृहे नाहीत. कधी उघड्या गाड्यांतून, तर कधी गोठलेल्या नदीवरून घसरगाड्यांतून प्रवास करावयाचा आणि मिळेल त्या कोठारात मेणबत्त्या लावून खेळ करावयाचा. इलिनॉय संस्थानातील स्प्रिंगफील्ड येथे मंडळीने आपली पुंजी खर्चून छोटे नाटकगृह उभारले. तोच गावात धर्मजागृतीची लाट आली आणि नाटक म्हणजे पाप ठरून नगरसभेने परवान्याचा डोईजड कर लादला. मंडळी बुडण्याच्या बेतात आली. तेव्हा गावातील एका तरुण वकिलाने एक पैही न घेता त्यांची बाजू मांडली, नाटकाचा प्राचीन काळापासूनचा इतिहास थट्टामस्करी करीत सांगितला, आणि सभेला हसवून कर रद्द करविला. हा वकील म्हणजे अब्राहम लिंकन. जेफर्सनने ही गोष्ट १८९० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या आत्मचरित्रात कृतज्ञतेने नमूद केली आहे.

१८४२ त मोबील शहरी बाप पीतज्वराने वारला. मुलगा तेव्हा तेरा वर्षांचा. आईने खाणावळ घातली, मुलांनी नाटकात मिळेल ते काम पत्करले. मेक्सिकोच्या युद्धात सैन्यामागून गेलेली मंडळी मातामोरोस येथे मोडली, तेव्हा जेफर्सनने एका सहकाऱ्याबरोबर कॉफी व केक विकण्याचे दुकान मांडून पोट भरले. लोकांना हसविणाऱ्याचे बालपण हे असे गेले.

कीर्ती आली ती १८५८ त, न्यूयॉर्क येथे लॉरा कीन हिच्या नाटकगृहात झालेल्या ‘आवर अमेरिकन कझिन’ या प्रहसनाने. त्यातील सरळ मनाचा अमेरिकन खेडवळ त्याने उभा केला. दैवाची गती पाहा, याच नाटकाचा प्रयोग १४ एप्रिल १८६५ रोजी वॉशिंग्टनला चालू असता, प्रेक्षकांचा हशा ऐन भरात आलेला क्षण साधून एका नटानेच लिंकनवर गोळी झाडली. जेफर्सन त्या वेळी अमेरिकेबाहेर होता.

त्याच वर्षी लंडन येथे त्याने ‘रिप व्हॅन विंकल’ रंगभूमीवर आणले व ते एकशेसत्तर रात्री चालले. वॉशिंग्टन अर्व्हिंगच्या कथेवरील हे नाटक डायन बूसिकॉल्टने सुधारून दिले होते. आळशी, व्यसनी, पण मुलांचा लाडका रिप बायकोने घराबाहेर काढल्यावर डोंगरात जातो. तेथे भुतांशी त्याची गाठ पडते. त्या संपूर्ण अंकात भुते अवाक्षर बोलत नाहीत, बोलतो तो एकटा रिप. वीस वर्षे झोपून तो परततो, तो त्याला कोणीच ओळखीत नाही. पोटच्या मुलीला ‘मला ओळख’ म्हणून विनविणारा हा म्हातारा पाहून, घटकेपूर्वी हसणारे लोक डोळे पुशीत. जवळजवळ चाळीस वर्षे जेफर्सन ही भूमिका घेऊन देशभर फिरला. पोत्यातील पोराला हसणारे लोक दुसऱ्याच्या हीनतेला हसत होते. रिपला हसणारे लोक त्याच्यात स्वतःला पाहत होते. विनोदाची खरी उंची या अंतरात आहे, असे आम्हांस वाटते.

आता ज्या प्रसंगासाठी ही हकीकत सांगावयाची तो. २० डिसेंबर १८७० रोजी न्यूयॉर्क येथे जॉर्ज हॉलंड हा वृद्ध विनोदी नट वारला. चाळीसांहून अधिक वर्षे त्याने अमेरिकेला हसविले होते. अंत्यविधीची व्यवस्था करण्यासाठी जेफर्सन हॉलंडच्या मुलास घेऊन एका प्रतिष्ठित चर्चच्या धर्मगुरूकडे गेला. मृत मनुष्य नट होता हे कळताच धर्मगुरूने नकार दिला. बापाला मूठमाती देण्यासाठी आलेल्या मुलाने हे शब्द समोर उभे राहून ऐकले. दुसरी सोय कोठे होईल, असे विचारता, कोपऱ्यावर एक लहानसे चर्च आहे, तेथे असली कामे करतात, असे उत्तर मिळाले. असे असेल तर देव त्या लहानशा चर्चचे कल्याण करो, एवढेच बोलून जेफर्सन बाहेर पडला.

तेथील धर्मगुरू जॉर्ज हॉटन यांनी हॉलंडचा अंत्यविधी यथासांग केला. एकोणतिसाव्या रस्त्यावरील त्या चर्चचे धर्मनाम निराळे आहे, पण जगात ते ‘कोपऱ्यावरचे लहानसे चर्च’ म्हणूनच ओळखले जाऊ लागले, आणि नटवर्गाने ते आपले मानले. हॉलंडच्या कुटुंबासाठी न्यूयॉर्कच्या नाट्यव्यवसायाने मदतीचे प्रयोग केले. नकार देणाऱ्याला मात्र वर्तमानपत्रांनी भरपूर फटकारले.

जेफर्सन १९०५ त वारला. त्या चर्चमध्ये त्याच्या स्मरणार्थ रंगीत काचेची एक खिडकी बसविली आहे. तीत रिपच्या फाटक्या वेषातील जेफर्सन कफनातील हॉलंडला हाताशी धरून देवाच्या दाराशी नेत आहे. जन्मभर ज्याला लोकांनी दाराबाहेर ठेवले, त्याला आत नेण्यास अखेर एक विनोदी नटच पुढे झाला. आपल्याला हसविणाऱ्याचे ऋण टाळ्यांनी फिटते, अशी ज्यांची समजूत असेल त्यांनी ही खिडकी एकदा मनापुढे आणावी.