स्वप्नातून वसलेला मुलूख

मीरा-भाईंदर महानगरपालिका २००२ सालची. परंतु ती जिथे उभी आहे तो साष्टी बेटाचा उत्तरेकडचा भाग, आणि साष्टीला स्वतःची अशी एक जन्मकथा आहे. ती 'महिकावतीच्या बखरी'त सापडते. वि. का. राजवाडे यांनी १९२४ साली ही बखर प्रस्तावनेसह प्रसिद्ध केली. तेव्हापासून इतिहासकारांनी ती सदोष साधन म्हणून तपासली आणि जातिसंस्थांनी वंशावळ म्हणून जपली. वाङ्मय म्हणून मात्र ती फारशी कोणी वाचली नाही, अशी आमची तक्रार आहे.

बखर सांगते ते असे : शके १०६० मध्ये, म्हणजे इ. स. ११३८च्या सुमारास, प्रतापबिंब नावाचा राजा उत्तर कोकणात उतरला. मुलूख त्याला ओसाड दिसला, म्हणून त्याने बाहेरून ६६ कुळे आणून तो वसवला आणि महिकावतीला राजधानी केली. पाठारे प्रभू, पाचकळशी, चौकळशी हे समाज आपला या भूमीवरील इतिहास येथूनच मोजतात. आता, उत्तर कोकणात त्या काळी शिलाहारांची सत्ता होती हे त्यांच्या शिलालेख-ताम्रपटांवरून दिसते. तेव्हा बिंबाचे राज्य जसेच्या तसे मान्य करणे कठीण. महिकावती म्हणजे केळव्याचे माहीम की मुंबईचे, हाही जुना वाद. असो.

आम्हांला अधिक महत्त्वाची वाटते ती बखरीतली दुसरी घटना. प्रतापबिंबानंतर तीनशे वर्षांनी, शके १३७० (इ. स. १४४८) मध्ये, मालाडच्या नायकोरावांना स्वप्नात देवीने दर्शन दिले आणि लोकांना एकत्र करून महाराष्ट्रधर्म सांगण्याची आज्ञा केली. त्यातून केशवाचार्यांनी रचलेली प्रकरणे हा बखरीचा सर्वांत जुना भाग मानला जातो. (भाईंदरहून लोकलने निघालेल्याला मीरा रोडनंतर दहिसर, बोरिवली आणि कांदिवली सोडले की मालाड लागते. देवीने फार दूरचे गाव निवडले नव्हते!)

कल्पित विश्वांच्या पुराणकथा बहुधा आरंभापासून सुरू होतात. टोल्किनच्या १९७७ साली प्रसिद्ध झालेल्या 'सिल्मरिलियन'मध्ये सृष्टी संगीतातून जन्मते, आणि मग तिचा इतिहास क्रमाने उलगडतो. लेखक आपल्या विश्वाच्या बाहेर उभा असल्याने त्याला हे जमते. केशवाचार्य आत उभे होते. बिंबांची सत्ता तोवर अस्तास गेली होती, परसत्ता आली होती, आणि कोण कोठून आले याचा विसर पडू लागला होता. म्हणजे येथे स्थापनेची कथा नाशानंतर सांगितली गेली. देवीने नायकोरावांना तलवार दिली नाही, राज्यही दिले नाही. सांगण्याचे काम दिले. एरवी देवीचा दृष्टान्त म्हटला की आपण मंदिर वा राज्य उभे राहण्याची वाट पाहतो. या दृष्टान्तातून उभा राहिला तो ग्रंथ. बिंबाचे सन-शक खोटे ठरले तरी पंधराव्या शतकातल्या माणसांना ही कथा हवी होती, हे खोटे ठरत नाही.

जुलै २०२५ मध्ये मीरा रोडला मराठीच्या प्रश्नावरून मोर्चे निघाले तेव्हा 'येथे मूळचे कोण' हा प्रश्न पुन्हा रस्त्यावर आला. मराठीचा आग्रह आम्हांला रास्त वाटतो. मात्र त्यासाठी कोणी या बखरीचा सातबारा करू पाहील तर त्याने ती वाचलेली नाही, असे आम्ही म्हणू. तिच्यातले संस्थापकच बाहेरून आलेले आहेत. ज्यांच्या डोळ्यांसमोर ही कुळे उतरली असतील त्या कोळ्यांच्या, आगऱ्यांच्या कथेला बिंबाच्या दरबारात जागा नाही. 'ओसाड' हा शब्द वसवायला आलेल्याचा आहे. उत्तनच्या कोळीवाड्यातून पाहिले तर हाच आरंभ निराळा दिसेल. आणि त्या किनाऱ्यावर पुढे पोर्तुगीज अमदानीत ख्रिस्ती झालेली मराठी-भाषक घरे आहेतच. त्यांचे पूर्वज या ६६ कुळांत शोधायचे की त्यांच्याही आधी?

प्राचीन मराठी गद्य शिकवताना आपण महानुभावांकडून थेट शिवकालीन बखरींकडे येतो. मधल्या काळात ही बखर ठेवून पाहावी, आणि प्रतापबिंबाआधी नायकोरावांचे स्वप्न वाचायला घ्यावे.