देव्हाऱ्यातून उठून गेलेला गायक

1969 च्या सप्टेंबरात ओकाबायाशी नोबुयासु हा जपानी गायक एकाएकी दिसेनासा झाला. सुमारे तीन महिने तो रंगमंचापासून दूर राहिला. त्या वेळी तो अवघा तेवीस वर्षांचा होता आणि 'फोकचा देव' ही पदवी त्याला चिकटली होती. या जाण्याला पलायन म्हणणे सोपे आहे. परंतु तो कोणापासून पळाला, हा प्रश्न त्याला डोक्यावर घेणाऱ्या चळवळीनेच स्वतःला विचारावयास हवा होता.

शिगा प्रांतातील ओमिहाचिमान येथील एका पाद्र्याचा हा मुलगा. क्योतोच्या दोशिशा विद्यापीठात तो धर्मशास्त्र शिकत होता. ते शिक्षण अर्धवट टाकून तो तोक्योच्या सान्या वस्तीत मजुरी करावयास गेला. सान्या म्हणजे पहाटे रस्त्यावर उभे राहून दिवसाचे काम मिळवणाऱ्यांची आणि स्वस्त खानावळी-निवासांची वस्ती. 1964 च्या ऑलिंपिकसाठी राजधानी सजली, ती अशाच रोजंदारांच्या श्रमांवर. पुढे 1966 साली सरकारी पत्त्यांतून 'सान्या' हे नावच पुसण्यात आले. माणसे मात्र तेथेच राहिली. 1968 साली ओकाबायाशीची पहिली तबकडी निघाली, 'सान्या ब्लूज'. नकाशाने टाकलेले नाव गाण्याने परत आणले.

त्याहून धारदार गाणे 'तेगामी', म्हणजे पत्र. बुराकु समाजात जन्मलेल्या मुलीचे लग्न केवळ त्या जन्मापायी मोडते, एवढीच त्याची कथा. कसाई आणि चामड्याचे काम करणाऱ्यांना अपवित्र ठरवणारी ही प्रथा कायद्याने 1871 साली संपली होती, विवाहाच्या बोलणीत ती शंभर वर्षांनंतरही जिवंत होती. नभोवाणीने हे गीत वाजविण्याचे टाळले. जातिभेदाचा उच्चार करणारा दोषी आणि तो पाळणारा सभ्य, हा न्याय येथील वाचकांना अपरिचित नसावा.

1969 च्या पूर्वार्धात तोक्योतील शिंजुकु स्थानकाच्या पश्चिम दारच्या भूमिगत चौकात दर शनिवारी व्हिएतनाम युद्धाविरुद्ध तरुण गिटार घेऊन जमत. ओकाबायाशीचे 'तोमो यो' हे गीत तेथे हजारोंच्या कंठी होते. जूनअखेर पोलिसांनी अश्रुधूर सोडला. जुलैत एका रात्रीत तेथील फलकावरचा 'चौक' हा शब्द जाऊन 'मार्ग' आला. चौकात थांबता येते, मार्गात थांबणे हा गुन्हा! सत्तेला शब्दांचे मोल किती कळते, याचा हा नमुनाच.

मात्र गायकाची कोंडी केवळ सत्तेने केली नव्हती. कामगारांना अल्प वर्गणीत संगीत ऐकविण्यासाठी युद्धानंतर उभ्या राहिलेल्या रोऑन या डाव्या वळणाच्या संघटनेशी त्याचे खटके उडाले. कार्यक्रमांचा मारा अखंड चालला होता. प्रत्येक सभेत त्याच प्रतिमेने, त्याच आवेशात उभे राहावे, ही अपेक्षा होती. व्यक्तिपूजेला विरोध करणारी चळवळ गायकाची मूर्ती करते आणि मूर्तीने कूस बदलली की तिला फितूर ठरवते, ही विसंगती फारशी कोणाला खटकली नाही. प्रचारपत्रक हजारदा छापता येते. माणसाला हजारदा तोच संताप आणता येत नाही, आणलाच तर ते सोंग होते.

1970 साली तो 'हॅपी एंड' या रॉक वाद्यवृंदासह परतला, आणि पुढे खेड्यात जाऊन शेती करू लागला. 1975 मध्ये त्याने मिसोरा हिबारी या लोकप्रिय गायिकेसाठी गीते रचली. एन्का ही हिबारीची शैली, दारूच्या गुत्त्यातल्या विरहाची आणि अश्रूंची म्हणून हिणवली जाणारी. क्रांतिगीतांचा कवी बाजारात बसला, असे म्हणावयास येथे जागा आहे. वस्तुतः सान्यातला मजूर संध्याकाळी गुणगुणत असेल ते विद्यार्थ्यांचे फोक नव्हे, एन्काच. श्रमिकांची अभिरुची सुधारण्यास निघालेल्यांपेक्षा ओकाबायाशी त्यांच्या अधिक जवळ गेला, असेही म्हणता येईल. अर्थात त्या काळात चळवळीने एक आवाज गमावला, हेही नाकारण्यात अर्थ नाही.

पुढे जपानी लोकगीतांच्या ठेक्यावर त्याने 'एन्यातोत्तो' नावाची स्वतःची शैली घडवली. नव्या गीतांचा पूर्ण संग्रह मात्र 2021 साली, तब्बल तेवीस वर्षांच्या खंडानंतर आला. चौऱ्याहत्तर वर्षांच्या या पाद्रीपुत्राने त्याला नाव दिले 'फुक्कात्सु नो आसा', पुनरुत्थानाची सकाळ.