आळस कुणाच्या गळ्यात?

ख्रिस्ती धर्मातल्या सात पापांची यादी ऐकली असेल. त्यात एक आहे आळस. आळशी म्हटलं की डोळ्यांपुढे कोण येतो? झोपडपट्टीच्या कट्ट्यावर बसलेला बेकार पोरगा. केबिनमधला साहेब येत नाही, मठातला महाराज येत नाही. हे आपोआप झालेलं नाही. पाप एकाचं, आणि गळ्यात बांधलं दुसऱ्याच्या.

मूळ गोष्ट इजिप्तच्या वाळवंटातली. एव्हाग्रियस नावाचा संन्यासी तिथं 399 मध्ये मेला. त्याने आठ दुष्ट विचार मोजले. त्यातल्या सगळ्यात जड विचाराला ग्रीक नाव होतं अकीडिया. अर्थ काय? फिकीर नसणं. झोपणं नव्हे, नुसतं बसून राहणंही नव्हे. हे भर दुपारचं भूत. सूर्य जागचा हलत नाही. संन्यासी उठून उठून खिडकीशी जातो, कुणी भेटायला येतंय का बघतो. जागेचा वीट, हातातल्या कामाचा वीट, सोबतच्या भावांचाही वीट. म्हणजे हा रोग कुणाचा? ज्याच्यामागे पोरंबाळं नाहीत, सावकार नाही, मुकादम नाही, त्याचा.

पुढे कासियनने एक किस्सा लिहून ठेवला. वाळवंटात अब्बा पॉल नावाचा एक म्हातारा होता. खजुरीच्या पानांचं काम वर्षभर करायचा. बाजार सात दिवसांच्या वाटेवर, माल न्यायचा खर्च कमाईपेक्षा जास्त. मग वर्षाअखेर सगळा ढीग पेटवून द्यायचा आणि पुन्हा सुरू. कशासाठी? मनातलं भूत पळावं म्हणून! मांगवाड्यात दोर वळणाऱ्या म्हाताऱ्याला ही गोष्ट सांगून बघा. खदाखदा हसेल तो.

पण माझं भांडण त्या अब्बाशी नाही. तो निदान स्वतःच्या भुताशी लढत होता. तेराव्या शतकातल्या थॉमस अक्वायनसशीही नाही. तो म्हणाला, देवाच्या चांगुलपणाचंच माणसाला ओझं वाटणं म्हणजे हे पाप. ते प्रेमाच्या आड येतं. आणि हे पाप मोडतं कोणती आज्ञा? शब्बाथची. विसाव्याची! म्हणजे ज्याच्या मनाला विसावाच ठाऊक नाही, जो रात्रंदिवस नफ्यामागे धावतो, तो शेटजीसुद्धा आळशीच ठरतो की. बुद्धानेही पाच नीवरणांत थीनमिद्ध सांगितलं, ते मनाच्या जडपणाबद्दल. कुणाच्या मजुरीचा हिशेब त्यात नाही.

मजुरीचा हिशेब राजे-जमीनदारांनी घुसडला. 1348 मध्ये इंग्लंडात प्लेग शिरला, माणसं पटापट मेली. उरलेल्या मजुरांनी जास्त मजुरी मागितली. लगेच मालकांना धर्म आठवला. 1349 चा हुकूम, 1351 चा कायदा: मजुरी जुनीच घ्या, आणि धडधाकट भिकाऱ्याला भीक घालाल तर खबरदार. 1547 मध्ये तर कळस केला. काम न करता फिरणाऱ्याच्या छातीवर तापल्या लोखंडाने डाग द्यायचा आणि दोन वर्षं गुलाम करायचं. हा कायदा फार टिकला नाही, पण काढायची बुद्धी झाली ना? काम न करील त्याने जेवू नये, असं पौलाने थेस्सलनीकाच्या मंडळीला लिहिलं होतं. पौल स्वतः तंबू शिवून पोट भरायचा. तोच नियम लॉर्डांना लावला असता तर अर्धे उपाशी मेले असते.

हाच साहेब आपल्याकडे आला. 1871 च्या कायद्याने त्याने जमातीच्या जमाती जन्मजात गुन्हेगार ठरवल्या. 1908 पासून साल्व्हेशन आर्मीच्या मिशनऱ्यांनी उत्तरेत त्यांच्या वसाहती चालवायला घेतल्या. काय म्हणे, भटक्यांना कष्टाची सवय लावायची, आत्मा सुधारायचा! सोलापूरच्या सेटलमेंटला तारेचं कुंपण होतं. आत कोंडलेले कैकाडी-पारधी पिढ्यान् पिढ्या राबून खाणारे. त्यांना कष्ट कुणी शिकवायचे? कुंपणाबाहेर चहा पिणाऱ्याने? 1952 मध्ये कायदा गेला. शिक्का अजून पोलीस चौकीत आहे.

आता खरी अकीडिया बघा. बाबासाहेबांनी सांगितलं, की अस्पृश्य ख्रिस्ती झाला तरी त्याची जात सुटत नाही आणि शिकल्या-सवरल्या ख्रिस्ती पुढाऱ्यांना त्याची फिकीर नाही. फिकीर नाही! ग्रीक शब्दाचा अर्थ हाच नव्हता का? तमिळनाडूत एकाच प्रभूची लेकरं, पण मेल्यावर दफनभूमी वेगळी. 1950 च्या आदेशाने दलित ख्रिश्चनाला अनुसूचित जातीच्या यादीबाहेर ठेवलं. त्याविरुद्ध दिल्लीत मोर्चे निघाले, निवेदनं गेली. ठीकच आहे, निघायलाच हवेत. पण आपल्याच चर्चमधली बाकं एक करायला दिल्लीची परवानगी लागत नाही.

2016 च्या डिसेंबरात भारताच्या कॅथलिक बिशपांनी लेखी कबूल केलं, की चर्चच्या आत दलितांशी भेदभाव होतो. कबुलीनंतर प्रायश्चित्त असतं, हे त्यांनीच जगाला शिकवलं. भिंत पाडायला दोन गवंडी आणि एक दिवस पुरतो. किती बिशपांनी हातोडा उचलला, त्यांची नावं सांगा.