कळलावी : फूल पाहावे, कंद खाऊ नये

श्रावण-भाद्रपदात टेकड्यांच्या उतारांवर आणि बांधावरील झुडपांत कळलावी फुलते. लहरदार पाकळ्या मागे वळलेल्या, रंग आधी पिवळा, मग तांबडा. म्हणून तिला अग्निशिखाही म्हणतात. पानाच्या टोकाने आधार धरून चढणारी ही वेल पूर्वी लिलीच्या कुळात गणली जाई.

गेल्या पावसाळ्यात मंगरूळपीरच्या माझ्या दवाखान्यात एक आजोबा सुजलेला गुडघा घेऊन आले. पिशवीतून त्यांनी नांगरासारखा वाकडा, दुबेळक्याचा कंद काढला. “डॉक्टरसाहेब, हा उगाळून घेतला की वात जातो म्हणतात. किती घेऊ?” घेण्यापूर्वी त्यांनी विचारले, म्हणूनच आज हे लिहिता येते.

त्यांचा समज सर्वस्वी निराधार नव्हता. या कंदात कोल्चिसिन असते आणि गाऊट या सांधेदुखीवर आम्ही तेच औषध देतो. मात्र गोळीत ते मोजून ०.५ मिलिग्रॅम असते. कंदात किती आहे, हे उगाळणाऱ्याला कळत नाही. मूत्रपिंड अशक्त असल्यास किंवा क्लॅरिथ्रोमायसिनसारखे प्रतिजैविक चालू असल्यास गोळीसुद्धा बाधू शकते. आयुर्वेदानेही कळलावीची गणना उपविषांत केली असून शोधनाशिवाय ती वर्ज्य मानली आहे.

कंद पोटात गेल्यावर काही तासांत उलट्या व जुलाब सुरू होतात. पुढे ते थोडे थांबले, तरी निर्धास्त होऊ नये. हे विष पेशींचे विभाजन रोखते. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी रक्तपेशी घटतात, मूत्रपिंड व हृदय कोलमडू शकते. यावर सहज मिळणारा उतारा नाही. म्हणून वेळ हाच मोठा आधार.

रानकंद वा रताळे समजून कोणी तो खाल्ला, तर मिठाचे पाणी पाजून उलटी करवू नये. १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी, कंदाचा तुकडा सोबत न्यावा आणि लक्षणे नसली तरी रुग्णालय गाठावे. घरात विसराळू वृद्ध किंवा लहान मूल असेल, तर अंगणातील कळलावीला कुंपण घालावे.

आजोबांचे युरिक अॅसिड वाढलेले निघाले. रक्ततपासणीनंतर मोजकी औषधे दिली. आठवड्याने ते काठी न टेकता आले. कंद मात्र मी परत दिला नाही.